बेळगाव ते म्हापसा : चर्च कुठं दाट, कुठं विरळ, आणि का?

जांबोटीची_वाट (धागाकर्ता) | सोमवार, रात्री ९.४०

नमस्कार मंडळी.

काल आईला घेऊन म्हापशाला मावशीकडं जाऊन आलो. आपला नेहमीचा रस्ता : पिरनवाडी, जांबोटी, कणकुंबी, चोर्ला घाट, केरी, साखळी, डिचोली, अस्नोडा, म्हापसा. गाडी भाऊ चालवत होता, त्यामुळं मी खिडकीशी मोकळा. जांबोटीच्या पुढं आई सहज म्हणाली, "आता पहिलं चर्च कुठं दिसतंय बघू." तिथून जो खेळ सुरू झाला तो म्हापसा येईस्तोवर थांबला नाही.

झालं असं, की जांबोटी ते चोर्ला आम्हाला रस्त्यावरून एकही चर्च दिसलं नाही. कणकुंबीला माउलीचं देऊळ, मलप्रभेचं उगमस्थान, मग रान. घाट उतरून गोव्यात शिरलो, वाटलं आता सुरू होतील. तर केरी, मोर्ले, साखळी, सगळीकडं देवळंच. डिचोलीत एक चर्च दिसलं. आणि अस्नोडा आलं तसं चित्रच पालटलं. पांढऱ्या चुन्याचे दर्शनी भाग, वाड्यावाड्याला क्रूस, मध्ये छोटी कपेलं, म्हणजे वाड्यावरची प्रार्थनाघरं. म्हापशापर्यंत आईची बोटं संपली. घाटात गोव्याची हद्द लागली त्याला कितीतरी वेळ झाला होता, पण "गोवा" म्हणून जे डोळ्यासमोर येतं ते अस्नोड्याला सुरू झालं.

घरी येऊन २०११ च्या जनगणनेचे आकडे काढले. गोव्यात ख्रिस्ती २५.१ टक्के, कर्नाटकात १.८७, महाराष्ट्रात ०.९६. गोव्याचं क्षेत्रफळ ३,७०२ चौरस किलोमीटर आणि आपला एकटा बेळगाव जिल्हा १३,४१५, म्हणजे आपल्या जिल्ह्यात गोवा साडेतीन वेळा मावतो. हे सगळं कळतं. पण गोव्याच्या आतच एवढा फरक का? आणि आपल्याकडं बेळगावच्या कॅम्पात, म्हणजे लष्करी छावणीत, चालत पंधरा मिनिटांत तीन-चार चर्च, तर रायबाग-अथणीकडं तासभर गाडी चालवली तरी एक दिसत नाही, हे का? जाणकारांनी सांगावं.

अनगोळकर७१ | सोमवार, रात्री ९.५८

माणसं जास्त तिथं चर्च जास्त. देवळांचं पण तसंच असतंय ओ.

सांगाती | सोमवार, रात्री १०.२०

अनगोळकर, इतकं सरळ नाही हो. जुनं गोवं बघा. से कॅथेड्रल, बॉम जेजू, सेंट फ्रान्सिस असिसी, सेंट काजेतान, सगळी हाकेच्या अंतरावर. आणि वस्ती? नावापुरती. साथीच्या रोगांनी शहर ओस पडलं, १८४३ मध्ये पणजीला राजधानीचा दर्जा मिळाला, माणसं गेली आणि चर्च उभी राहिली. सेंट ऑगस्टिनचा तर नुसता मनोरा उरलाय. १८३५ मध्ये पाद्र्यांच्या धर्मसंघांवर बंदी आली, इमारतीला वाली राहिला नाही, १८४२ ला छत कोसळलं.

म्हणजे चर्चची दाटी आज किती लोक आहेत ते सांगत नाही. कधीकाळी तिथं कोणाची सत्ता, कोणाचा पैसा आणि किती माणसं होती ते सांगते.

फोंड्याचो_झिलगो | सोमवार, रात्री ११.०५

मी फोंड्याचा, नोकरीनिमित्त आठ वर्षं बेळगावात. अस्नोड्याला चित्र का पालटलं ते मी सांगतो, कारण आमच्या घराण्याची अर्धी कथा त्याच रेषेवर आहे.

पोर्तुगीजांनी तिसवाडी १५१० ला घेतली. बार्देस आणि सासष्टी त्यांना १५४३ ला मिळाले. ह्या झाल्या जुन्या काबिजादी, म्हणजे आधी जिंकलेला मुलूख. बार्देसात फ्रान्सिस्कन आणि सासष्टीत जेजुइट, असं काम दोन धर्मसंघांना वाटून दिलं होतं. गावोगाव चर्च उभं राहिलं ते ह्या काळात. फोंडा, सत्तरी, डिचोली, पेडणे, केपे, सांगे, काणकोण हे नंतर आले, साधारण १७६३ ते १७८८ च्या दरम्यान. ह्या नव्या काबिजादी. तोपर्यंत पोर्तुगीजांचा तो पहिला जोर ओसरला होता आणि नव्या मुलखातल्या लोकांना त्यांच्या चालीरीती पाळू देण्याचं धोरण आलं होतं. म्हणून सत्तरी आणि डिचोलीत देवळंच दिसतात. अस्नोडा बार्देसात येतं, डिचोलीची हद्द तिथं संपते. तुमच्या आईंनी जी रेघ बघितली ती अडीचशे ते पावणेपाचशे वर्षांपूर्वीची सरहद्द आहे.

आता उलट बाजू बघा. सोळाव्या शतकात जुन्या काबिजादीत देवळं पाडली गेली तेव्हा लोकांनी देव उचलले आणि नदीपलीकडं आणले. मंगेश कुशस्थळीहून १५६० ला प्रियोळला आला. शांतादुर्गा केळशीहून कवळ्याला, म्हाळसा वेर्ण्याहून म्हार्दोळला. फोंडा तेव्हा आदिलशाहीत होतं. म्हणून फोंडा तालुक्यात देवळांची एवढी गर्दी. सासष्टीतली चर्चची दाटी आणि फोंड्यातली देवळांची दाटी ही एकाच घटनेची दोन टोकं आहेत. बेळगावही तेव्हा आदिलशाहीतच होतं. तुमच्या शहापूर-टिळकवाडीतली कितीतरी सारस्वत घरं आजही कुलदेवाला फोंड्याला जातात, ती त्याच वाटेनं.

जांबोटीची_वाट | सोमवार, रात्री ११.२०

हे वाचून अंगावर काटा आला. आमचं कुलदैवत म्हार्दोळची म्हाळसा. आई जागीच होती, तिला वाचून दाखवलं. ती म्हणाली, "म्हणजे आपण पण त्याच रेघेवरून आलोय."

कॅम्पातला | मंगळवार, सकाळी ७.१५

बेळगाव शहराचं मी सांगतो. माझा जन्म कॅम्पातला, वडील लष्करी हिशेबखात्यात होते.

१८१८ ला इंग्रजांनी किल्ला घेतला, मग किल्ल्याच्या पश्चिमेला छावणी वसली. कॅम्पातली चर्च गावातल्या माणसांसाठी बांधलेली नव्हतीच, ती पलटणीसाठी होती. गोऱ्या पलटणीत इंग्लंडचे अँग्लिकन, आयर्लंडचे कॅथलिक, स्कॉटलंडचे प्रेस्बिटेरियन असे सगळे असायचे आणि एकमेकांच्या चर्चमध्ये जायचे नाहीत. म्हणून छावणी म्हटली की कमी जागेत निरनिराळ्या पंथांची चर्च. पुण्याचा कॅम्प, खडकी, बंगळूरचं कँटोन्मेंट, सगळीकडं हाच नमुना. अँग्लिकन पाद्री तर सरकारी पगारावर असायचे.

सेंट मेरीज चर्च १८६९ चं. लहानपणी आम्ही त्याच्या आवारात चिंचा पाडायला जायचो. दगडी भिंती, टोकदार कमानी, आत गेलं की मे महिन्यातही गारवा. भिंतीवर पितळी आणि संगमरवरी पाट्या आहेत, त्या वाचा. पटकीनं, तापानं गेलेले विशी-बाविशीतले सैनिक आणि त्यांची तान्ही मुलं. मी सातवीत असताना एका पाटीवरचं वय वाचलं, ते माझ्या थोरल्या भावाएवढं होतं. त्या दिवसापासून तिथं चिंचा पाडल्या नाहीत.

अनगोळकर७१ | मंगळवार, सकाळी ७.४०

पटलं बघा. माझं कालचं वाक्य मागं घेतो.

वनिता_माजी_विद्यार्थिनी | मंगळवार, सकाळी १०.३०

कॅम्पातल्या दादांनी पलटणीचं सांगितलं, पण बेळगावात पलटणीबाहेरचं मिशनही तेवढंच जुनं आहे. लंडन मिशनरी सोसायटीचं काम १८२० ला सुरू झालं. बेनन स्मिथ हायस्कूलची सुरुवात १८३२ ची. १९०४ ला हे सगळं काम मेथडिस्टांकडं आलं. आमचं घर त्या मेथडिस्ट परंपरेतलं, चौथी पिढी.

चर्चची दाटी कमी का, ह्याचं एक कारण फारसं कुणी सांगत नाही. मिशनांनी आपापसात मुलूख वाटून घेतले होते. एकाच्या क्षेत्रात दुसऱ्यानं जायचं नाही. बेळगाव लंडन मिशनकडं, धारवाड-हुबळी-गदग बासेल मिशनकडं, कोल्हापूर-मिरज अमेरिकन प्रेस्बिटेरियनांकडं, अहमदनगर अमेरिकन मराठी मिशनकडं. बासेलवाले १८३४ ला मंगळुरात आणि १८३७ ला धारवाडला आले. म्हणून धारवाडला चर्च म्हटलं की बासेल मिशनचं, इथं मेथडिस्ट, कोल्हापुरात वायल्डर मेमोरियल. एका शहरात एका मिशनचं एक मोठं चर्च आणि भोवती शाळा, वसतिगृह, दवाखाना. पैसा आणि माणूसबळ शाळांत गेलं. बेळगावात ह्या मिशनचा ठसा शोधायचा तर चर्च मोजू नका, शाळा मोजा. ह्या धाग्यावर लिहिणाऱ्यांपैकी निम्मे तरी बेनन स्मिथ, वनिता विद्यालय, सेंट पॉल्स किंवा कॉन्व्हेंटचे असतील.

दुसरं, इमारती मोजून माणसं कळत नाहीत. आमच्याकडं एकाच इमारतीत सकाळी मराठी उपासना आणि ती सुटली की कन्नड उपासना. लहानपणी व्हरांड्यात आमच्या चपला आणि त्यांच्या चपला एकत्र व्हायच्या. आत मराठीत शेवटचं गीत चालू असायचं, बाहेर कन्नड मंडळी हळू आवाजात आपलं पहिलं गीत म्हणून बघत असायची. आजी पेटी वाजवायची. ना. वा. टिळकांची भजनं ती अभंगाच्या चालीवर म्हणायची, टाळ धरून. शेजारच्या वारकरी काकू खिडकीतून ऐकायच्या आणि आषाढीला आजीला बोलवायच्या. दगड एक, मंडळ्या दोन. नकाशावर मात्र खूण एकच.

खानापूरचा_बावतीस | मंगळवार, दुपारी १.१५

वनिताताई, अगदी बरोबर बोललात. आमच्या कॅथलिकांतही तेच. एकाच चर्चमध्ये कोंकणी मिस्सा (म्हणजे आमची मुख्य उपासना), मराठी मिस्सा, इंग्रजी मिस्सा, कन्नड मिस्सा, वेळा वेगवेगळ्या. माझी स्वतःची गत सांगतो : घरी कोंकणी, शाळेत मराठी, तहसीलदार कचेरीत कन्नड, प्रार्थना तिन्हीत.

धागाकर्त्यांनी जांबोटी ते चोर्ला चर्च दिसलं नाही म्हटलं. रस्त्यावरून नाही दिसणार. खानापूर तालुक्यात आमचे लोक गोव्यातून घाट चढून आले ते एकदम नाही, दोन-चार पिढ्या थोडे थोडे आले. कारणं निरनिराळी. कोणी दुष्काळात, कोणी साथीत, कोणी लढायांच्या धामधुमीत, कोणी इन्क्विझिशनच्या, म्हणजे पोर्तुगीजांच्या धर्मन्यायालयाच्या भीतीनं. ते १५६० ते १८१२ चाललं आणि त्याचा जाच बाटलेल्या घरांनाच जास्त होता, कारण जुने रीतिरिवाज पाळले म्हणून पकडायचे ते त्यांनाच. घाट चढला की दुसऱ्याचं राज्य, सुटका. रान तोडून भात लावायचं, जमीन कसायची. नंतर बेळगावात पलटण आली तेव्हा कोणी पाव भाजायला, कोणी बबर्जी (स्वयंपाकी) म्हणून, कोणी शिंपी, कोणी बँडात.

अशी पांगलेली माणसं चर्च कुठून बांधणार? गोव्यात गावकरी होती, म्हणजे गावची सामाईक जमीन आणि तिचं उत्पन्न. त्यातून गावचं चर्च उभं राहिलं, चाललं. म्हणून तिथं गाव तिथं चर्च, शिवाय वाड्याचं कपेल वेगळं, कारण पावसात खाडी-ओहोळ ओलांडून कोण जाणार. इथं आमच्याकडं सामाईक असं काही नव्हतं. चार घरं ह्या गावात, तीन त्या गावात.

माझ्या मावशीच्या घरी मिस्सा व्हायचा ते आठवतं. फादर महिन्यातून एकदा राजदूत मोटारसायकलवरून यायचे, चिखल गुडघ्यापर्यंत. पडवीत दोन खोकी एकावर एक, वर मावशीच्या लग्नातली पांढरी चादर, दोन मेणबत्त्या, अंगणातली अबोली तांब्यात. तेच आल्तार, म्हणजे वेदी. मी घंटा वाजवायचो. एकदा नेमक्या पवित्र क्षणी कोंबडी खोक्यामागून ओरडत निघाली, मावशीनं पदरानं तिला झाकून धरलं आणि मिस्सा संपेपर्यंत तशीच गुडघ्यावर बसून राहिली. मग सगळ्यांना सान्नां आणि काळा चहा. आजूबाजूची मराठा घरंही यायची, मुलांच्या डोक्यावर फादरांचा हात ठेवून घ्यायला. ती पडवी कुठल्या यादीत धरणार? तिथं चाळीस वर्षं देवाचं काम झालं.

सांगाती | मंगळवार, दुपारी १.४०

बावतीस, तुमच्या मावशीची पडवी ह्या धाग्यातली सगळ्यात मोठी नोंद आहे.

निपाणीकरीण | मंगळवार, दुपारी ४.००

आमच्या उत्तरेकडच्या भागाचं कोणी बोलेना म्हणून लिहिते. निपाणी, चिकोडी, रायबाग, अथणी ह्या पट्ट्यात चर्च विरळ, हे खरं. पण म्हणून आमचा काही संबंध नाही असं नाही. आमच्याकडचा माणूस आजारी पडला की पूर्वी एकच शब्द : मिरज. डॉ. वानलेस यांनी १८९० च्या दशकात उभं केलेलं मिशन हॉस्पिटल. अथणी-रायबागच्या माणसाला बेळगावपेक्षा मिरज सोयीचं.

माझ्या वडिलांचं पोटाचं ऑपरेशन तिथं झालं, मी नऊ वर्षांची होते. आम्ही तंबाखूच्या वखारीवरची माणसं, हाताला सतत तो वास. ऑपरेशनच्या आदल्या संध्याकाळी एक परिचारिका आली, आईचा हात हातात घेतला आणि मराठीत प्रार्थना केली. आईनं विठ्ठलाचं नाव घेतलं, ती बाई थांबली, आईचं होऊ दिलं, मग पुढं तिची प्रार्थना पूर्ण केली. वडील त्यानंतर एकतीस वर्षं जगले. तेव्हा दाटी फक्त चर्चची मोजाल तर आमचा पट्टा कोरा दिसेल. आमच्याकडं ते काम दवाखान्याच्या खाटांवर झालं.

लोंढा_जंक्शन | मंगळवार, सायंकाळी ६.३०

रेल्वे विसरू नका! लोंढ्याला कॅथलिक चर्च आहे, त्याला कारण रेल्वे. मुरगाव बंदर ते कॅसलरॉक रेल्वे १८८८ ला सुरू झाली आणि इकडून सदर्न मराठा रेल्वे जोडली गेली. ड्रायव्हर, फायरमन, गार्ड, तिकीट तपासनीस ह्यांत गोवेकर आणि अँग्लो-इंडियन पुष्कळ. रानात वसाहत झाली की पहिल्यांदा पाण्याची टाकी, मग क्वार्टर्स, मग इन्स्टिट्यूट, मग प्रार्थनेची जागा. हुबळीच्या रेल्वे वसाहतीतही तेच. आजोबा फायरमन होते. नाताळच्या मध्यरात्री मिस्सा चालू असताना यार्डातली इंजिनं बारा वाजता एकदम शिट्टी द्यायची, हे ते डोळे मिटून सांगायचे.

मंगळुरी_उद्यमबाग | मंगळवार, रात्री ८.१०

मराठी चुकलं तर सांभाळून घ्या, उद्यमबागेत कारखान्यात बारा वर्षं काढून शिकलेलं मराठी आहे.

मंगळूर आणि खानापूर, दोन्हीकडं गोव्यातूनच लोक गेले. मग मंगळुरात एवढी चर्च आणि इथं थोडी, का? किनाऱ्यावर केळदीच्या नायकांना शेती करणारे हात पाहिजे होते, त्यांनी जमिनी दिल्या, लोक गावंच्या गावं मिळून बसले. मिलाग्रिस चर्चची सुरुवात १६८० ची. पुढं १७८४ ला टिपूनं ख्रिस्ती कुटुंबं श्रीरंगपट्टणला नेली, चर्च पाडली. १७९९ नंतर जे वाचले ते परत आले आणि पुन्हा त्याच जागांवर चर्च बांधली. माझ्या गावच्या चर्चच्या पायात जुने दगड आहेत, पणजोबा बोटानं दाखवायचे. एकत्र राहिलेला समाज पुन्हा बांधतो. खानापूरच्या बावतीसभावांनी सांगितलं तसं चार घरं इथं, तीन तिथं असली तर पडवीच चर्च होते.

कुपारी_वसई | मंगळवार, रात्री ८.४५

वसईहून नमस्कार. तुमच्या सीमाभागाचा धागा आवडीनं वाचतोय. आमच्याकडं पोर्तुगीज १५३४ ते १७३९. चिमाजी अप्पांनी किल्ला घेतला, पोर्तुगीज गेले, पण शेतकरी, बागायतदार, कोळी इथलेच, ते राहिले. तहात धर्म पाळायची मुभा होती. म्हणून वसईत आजही गावोगाव चर्च आणि प्रार्थना मराठीत, घरात आमची सामवेदी किंवा वाडवळी बोली. फादर फ्रान्सिस दिब्रिटो आमचेच, साहित्य संमेलनाचे अध्यक्ष झाले. जिथं राज्यकर्त्यांबरोबर आलेली माणसं होती तिथं राज्य गेल्यावर चर्च रिकामी झाली. जिथं मातीतली माणसं होती तिथं भरलेली राहिली. जुनं गोवं आणि वसई शेजारी ठेवून बघा.

कॅम्पातला | मंगळवार, रात्री ९.०५

कुपारीदादा, आमच्या कॅम्पाचं दोन्ही झालं. गोरी पलटण १९४७ ला गेली, पण पाववाले, शिंपी, बँडवाले, शिक्षक राहिले. त्यांनी चर्च धरून ठेवली.

सीमावासी_५६ | मंगळवार, रात्री ९.३०

हे सगळं ठीक आहे, पण धर्मप्रांताच्या, म्हणजे बिशपांच्या कारभाराच्या हद्दी कर्नाटकाच्या हद्दीप्रमाणं कोणी आखल्या? मराठी माणसाला इथंही...

व्यवस्थापक | मंगळवार, रात्री ९.४१

सीमाप्रश्नाचे आपले तीन वेगळे धागे आहेत, तिथं जरूर लिहा. इथं विषयाला धरून राहूया ही विनंती.

खानापूरचा_बावतीस | मंगळवार, रात्री १०.००

सीमावासी, तुमचा प्रश्न चांगला आहे, राजकारण बाजूला ठेवून उत्तर देतो. बेळगाव धर्मप्रांत १९५३ चा, म्हणजे राज्यपुनर्रचनेच्या तीन वर्षं आधीचा. त्याआधी इथला बराच भाग गोव्याच्या आर्चबिशपांकडून बघितला जायचा, आणि गोवा तर तेव्हा पोर्तुगीज. म्हणजे १९५३ पर्यंत आमच्या धर्माचा कारभार परराज्यातून चालायचा. फातिमा कॅथेड्रल हे इथल्या बिशपांचं पीठ, म्हणजे मुख्य चर्च. कारवारचा वेगळा धर्मप्रांत १९७६ ला झाला, सिंधुदुर्गचा २००५ ला, सावंतवाडीला. जसजसे प्रांत लहान झाले तसतशी आडगावांत प्रार्थनेच्या जागा झाल्या, कारण फादरांना पोचता यायला लागलं.

आजऱ्याची_माहेरवाशीण | बुधवार, सकाळी ११.१०

आजरा कुणी घेतलं नाही म्हणून एक ओळ. आमच्याकडंही गोव्यातून आंबोली चढून आलेली कुटुंबं आहेत, पिढ्यान्‌पिढ्या. आडनावं फर्नांडिस, बारदेस्कर, आणि बोलणं अस्सल आजऱ्याचं. बारदेस्कर आडनावातच बार्देस आहे, वर फोंड्याच्या भावांनी सांगितलं तेच!

फोंड्याचो_झिलगो | बुधवार, सकाळी ११.३५

वा! माणसं गाव सोडून गेली, पण गावाचं नाव बरोबर घेऊन गेली.

अनगोळकर७१ | बुधवार, दुपारी १२.१०

विषय निघालाच आहे तर, डिसेंबरात सायबाच्या (सेंट फ्रान्सिस झेवियरच्या) फेस्ताला, म्हणजे सणाला, जुन्या गोव्याला चालत जाणारे कोणी आहेत का इथं? दरवर्षी चोर्ल्याच्या रस्त्यावर दिसतात. ३ डिसेंबरच्या आधी.

वनिता_माजी_विद्यार्थिनी | बुधवार, दुपारी १२.४०

माझी मैत्रीण जाते. ती कॅथलिक नाही, लिंगायत आहे. मुलाच्या आजारपणात नवस बोलली होती. घाटात पहाटे धुकं, पुढं जपमाळेचा आवाज, मागं कोणीतरी कन्नडमध्ये गाणारं. पायाला फोड आले की साखळीच्या अलीकडं एका हिंदू घरात गरम पाणी आणि तेल मिळतं, दरवर्षी तेच घर. २०२४ च्या सायबाच्या शवप्रदर्शनाला तर आमच्या गल्लीतून दोन गाड्या भरून गेल्या, सगळ्या जातिधर्माचे.

अनगोळकर७१ | बुधवार, दुपारी १२.५५

त्या घरासाठी पुढच्या वेळी माझ्याकडून एक किलो कुंदा घेऊन जा. खरंच सांगतोय, दुकानातून मीच आणून देतो.

मोजणीदार | बुधवार, सायंकाळी ५.२०

मी सर्वेक्षणाच्या कामात आहे. तांत्रिक मुद्दा : दाटी मोजायची कशाला भागून? दर चौरस किलोमीटरला भागलं तर छावणी आणि जुनं गोवं पुढं येतं. दर हजार ख्रिस्ती माणसांना भागलं तर उलटंच निघू शकतं, जिथं माणसं कमी आणि पांगलेली तिथं माणशी इमारत जास्त. शिवाय चर्च, कपेल, भाड्याच्या खोलीतलं प्रार्थनागृह, रस्त्यावरचा खुरीस (क्रूस), ह्यातलं काय धरायचं? फोनवरच्या नकाशात शहरातली खोलीसुद्धा दिसते, कारण तिथं कोणीतरी खूण घालतो. खानापूरच्या रानातलं कपेल दिसत नाही, कारण तिथं कोणी खूण घातलेली नाही. नकाशावरची विरळता ही निम्मी नकाशाची विरळता असते. मी आमच्या भागातली देवराई, कपेल, दर्गे स्वतः जाऊन नकाशावर घालतो, सुट्टीच्या दिवशी.

जांबोटीची_वाट | बुधवार, रात्री ९.००

मोजणीदार, हे वाचून आज दुपारी रजा काढून परत जांबोटीला गेलो, ह्या वेळी मोटारसायकलवर, आतल्या रस्त्यांनी. आई मागं बसली होती, वय बासष्ट, ऐकेना.

मुख्य रस्त्यापासून आत, ओढ्याच्या पलीकडं, जांभ्या दगडाचा एक खुरीस सापडला. कमरेएवढा उंच, चुना ताजा, पायथ्याशी झेंडूची माळ आणि अर्धी जळलेली मेणबत्ती. बाजूला गवत कापत असलेल्या आजींना विचारलं. म्हणाल्या, "आमचा न्हवं तो, फर्नांडिसांचा. ती मानसं बेळगावला गेली तीस वर्सं झाली. जाताना सांगून गेली, दिवा लावा म्हनून. म्हनून लावतो." दर शनिवारी मारुतीला तेल घालून येताना तिथं मेणबत्ती लावतात. माळ पण त्यांचीच.

आईनं पर्समधून दहाची नोट काढून मेणबत्तीसाठी दिली. आजींनी ती घेतली नाही. "आमच्याकडं हाय डबाभर," म्हणाल्या.

जागेची नोंद मोजणीदारांना व्यक्तिगत निरोपात पाठवली आहे.

मोजणीदार | बुधवार, रात्री ९.१२

मिळाली. आजच घालतो.

खानापूरचा_बावतीस | बुधवार, रात्री ९.५०

ओढ्याच्या पलीकडचा, जांभ्याचा, आडव्या हाताचं डावं टोक तुटलेलं? तसं असेल तर ती कुटुंबं मला माहीत आहेत. त्यांच्या घरची सून आमच्या चर्चच्या गायकवृंदात गाते. तिला आजींबद्दल सांगतो, येत्या रविवारी तिला घेऊन जातो. जांबोटीची_वाट, आईंना घेऊन तुम्हीही या. सकाळी आठची कोंकणी मिस्सा झाली की निघू. सान्नां माझी बायको बांधून देईल.

जांबोटीची_वाट | बुधवार, रात्री ९.५८

हो, डावं टोक तुटलेलं आहे. येतो. आई विचारते, आजींसाठी लुगडं चालेल का?